दिसत असूनही आंधळी : रेगिना लिन्नानहैमो कोण होती?

प्रश्न : आमच्या फिल्म सोसायटीत 'लेवोतोन वेरी' हा 1946 सालचा फिनिश चित्रपट दाखवला. नायिकेच्या कामावरून सभागृहात सरळ दोन तट पडले. काही जण चक्क हसले, 'किती ही ओव्हरॲक्टिंग' म्हणाले. मला मात्र तिचे डोळे अजून विसरता येत नाहीत. माहितीपत्रकात तिच्याबद्दल एकच ओळ होती : रेगिना लिन्नानहैमो, दिग्दर्शक तेउवो तुलिओची स्फूर्तिदेवता. ही बाई नेमकी कोण? तिची सगळी कारकीर्द या एका दिग्दर्शकापुरतीच होती का? आणि जागतिक सिनेमावरच्या पुस्तकांत तिचं नाव का सापडत नाही?
(एक वाचक, कोल्हापूर)

उत्तर : तुमच्या तीन प्रश्नांपैकी मधल्याचं उत्तर आधी देतो, म्हणजे पुढचं सांगणं सोपं जाईल. नाही, रेगिनाची कारकीर्द एका दिग्दर्शकापुरती नव्हती. तिचा जन्म 1915 सालचा. तुम्ही पाहिलेला चित्रपट आला तेव्हा तिला नायिकेच्या भूमिका करायला लागून दहा वर्षं झाली होती. फिनलंडच्या मोठ्या स्टुडिओंनी तिला झालरीच्या झग्यात मिरवली होती. घरोघरी तिचा चेहरा ओळखीचा होता. इतकं कमावलेलं नाव पणाला लावून ती तुलिओच्या त्या विस्कटलेल्या, उद्ध्वस्त होत जाणाऱ्या बायकांकडे वळली. तुमच्या सभागृहातली मंडळी हसली ते या दुसऱ्या रेगिनाला. पहिली त्यांनी पाहिलेलीच नाही.

आता 'स्फूर्तिदेवता' या शब्दाबद्दल. तो वाचला की मला राग येतो. तो का, ते पुढे ओघात येईलच.

आधी त्या देशाकडे पाहू. फिनलंड 1917 साली स्वतंत्र झाला, त्याआधी तो रशियन साम्राज्याचा भाग होता. तिथला पहिला कथाचित्रपट 'सालाविनानपोल्ताजात', म्हणजे चोरून दारू गाळणारे, 1907 मध्ये निघाला. आज त्याची एक फूट फिल्मही उरलेली नाही. 1913 मध्ये मिन्ना कान्थच्या नाटकावरून 'सिल्वी' आला. त्यात नायिकेचं काम ऐली रोसवाल या अभिनेत्रीनं केलं. पडद्यावर बाई उभी राहण्याची फिनलंडला काहीच नवलाई नव्हती, कारण 1872 पासून तिथे फिनिश भाषेची कायम रंगभूमी होती आणि ईदा आलबेर्गसारखी नटी त्या रंगभूमीचं भूषण मानली जात होती. त्यामुळे पुढे सिनेमा आला तो रंगभूमीचं बोट धरून. नाटकवाली मंडळी उन्हाळ्यात, नाट्यगृहांना सुट्टी असताना, चित्रीकरणाला यायची. उत्तरेकडे उन्हाळ्यात रात्रीसुद्धा पुरता अंधार पडत नाही, त्यामुळे ही सोय कॅमेरावाल्यांच्याही पथ्यावर पडली. अन्सा इकोनेन ही त्या काळातली सगळ्यांत लाडकी नायिका घ्या. हेलसिंकीच्या राष्ट्रीय नाट्यगृहात तिनं आयुष्यभर कामं केली आणि सिनेमा त्याच्या जोडीला चालू ठेवला.

रेगिनाचं नाव झालं ते पडद्यावर. ती कॅमेऱ्यासमोरच घडली. ज्यांना तिचा अभिनय चमत्कारिक वाटतो त्यांनी ही गोष्ट आधी लक्षात घ्यावी. शेवटच्या रांगेपर्यंत आवाज पोहोचवायची सवय तिला नव्हती. तिला सवय होती ती चार फुटांवरच्या भिंगाची.

1936 हे तिच्या नायिकापर्वाच्या सुरुवातीचं वर्ष. त्या वर्षी तिचे दोन चित्रपट आले आणि दोन्ही अगदी वेगळ्या जातीचे होते. एक रिस्तो ओर्कोचा 'व्हीएमव्ही 6'. फिनलंडमध्ये 1919 ते 1932 दारूबंदी होती. त्या काळात समुद्रमार्गे चालणारी चोरटी दारू आणि तिच्या पाठलागावर असलेली गस्तीची बोट, असा तो साहसपट. दुसरा 'ताइस्तेलु हेइक्किलान तालोस्ता', म्हणजे हेइक्किला घराण्याच्या वाड्यासाठीचा झगडा. ही योहान्नेस लिन्नानकोस्कीची ग्रामीण कथा. तो दिग्दर्शक तेउवो तुलिओचा पहिलाच चित्रपट होता.

तुलिओची थोडी ओळख करून द्यायला हवी. त्याचं जन्मनाव थेओदोर तुगाई. जन्म 1912, गाव सेंट पीटर्सबर्ग. लहानपणीच तो फिनलंडला आला. शाळकरी वयात त्याची गाठ वालेन्तिन वाला या दुसऱ्या सिनेमावेड्या पोराशी पडली आणि दोघांनी मिळून मूकपट काढायला घेतले. 1929 च्या 'मुस्तालाइसहुर्माया'त सतरा वर्षांचा तुलिओ नायक होता आणि विशीतला वाला दिग्दर्शक. काळेभोर केस, मोठे डोळे, त्यामुळे त्याला फिनलंडचा व्हॅलेंटिनो म्हणायला लागले. पुढे वाला सुओमी-फिल्मी या मोठ्या कंपनीचा कसबी, सफाईदार दिग्दर्शक झाला. तुलिओ मूकपटाची नजर घेऊन बोलपटात शिरला आणि ती नजर त्यानं शेवटपर्यंत सोडली नाही. चेहरा बोलत असेल तर संवाद कशाला, असं त्याचं एकंदर वागणं होतं.

रेगिनानं तुलिओकडे लागोपाठ कामं केली. त्यातलं 'नुओरेना नुक्कुनुत' (1937) मला सगळ्यांत जास्त पाहावंसं वाटतं. फ्रान्स एमिल सिल्लानपाच्या 1931 च्या कादंबरीवरचा हा चित्रपट. याच सिल्लानपाला 1939 मध्ये साहित्याचं नोबेल मिळालं. कादंबरीतली सिल्या ही खानदान बुडालेल्या घरातली मुलगी. दुसऱ्यांच्या घरी मोलकरीण म्हणून राबते आणि 1918 च्या यादवीच्या दिवसांत क्षयानं मरते. कादंबरीत ती फारसं बोलत नाही, तिच्या आत जे चालतं तेच लेखक सांगत राहतो. अशी भूमिका पंचविशीच्या आतल्या रेगिनानं कशी केली असेल?

ते आता कोणालाच पाहता येणार नाही. 1959 मध्ये आदाम्स-फिल्मी या कंपनीच्या साठ्याला आग लागली आणि तुलिओचे पहिले तिन्ही चित्रपट, 'ताइस्तेलु', 'नुओरेना नुक्कुनुत' आणि 1938 चा 'किउसाउस', जळून गेले. त्या काळची फिल्म नायट्रेटची. एकदा पेटली की स्वतःच प्राणवायू पुरवत जळते, पाणी ओतूनही विझत नाही. तुलिओच्या युद्धापूर्वीच्या चित्रपटांतला 'लाउलु तुलिपुनाइसेस्ता कुकास्ता' (1938) मात्र वाचला. त्यात रेगिनाची बहीण राकेल लिन्नानहैमो आहे. म्हणजे तुलिओच्या सुरुवातीच्या कामातली राकेल आपल्याला दिसते आणि रेगिना उरली आहे ती फक्त स्थिरचित्रांत आणि जुन्या परीक्षणांत. एखाद्या नटीच्या घडणीची वर्षं अशी एका रात्रीत पुसली गेली तर पुढे तिच्याबद्दल लिहिणाऱ्यांचा अंदाज चुकणारच. तिला तुलिओनं 1946 मध्ये 'घडवलं' असं लिहिलेलं वाचायला मिळतं. मुळात ती दोघं दहा वर्षांपूर्वीच बरोबर काम करत होती, आणि दोघंही तेव्हा नवखी होती. शिकली असतील ती एकमेकांकडून.

मग युद्ध आलं. नोव्हेंबर 1939 ते मार्च 1940 हिवाळी युद्ध आणि जून 1941 ते सप्टेंबर 1944 पुढचं युद्ध, दोन्ही सोव्हिएत रशियाशी. पुरुष आघाडीवर. सार्वजनिक नाचावर सरकारनं बंदी घातली, कारण पोरं मरत असताना इथे वाजंत्री कशी वाजवायची? तरुणांना एकत्र जमायला उरलं ते सिनेमा थिएटर. चाळीस लाखांहूनही कमी वस्तीच्या त्या देशात थिएटरं तुडुंब भरायला लागली, आणि लोकांना पाहायचं होतं ते युद्ध सोडून बाकी सगळं. मग स्टुडिओंनी एकोणिसाव्या शतकातले सरदार, बग्ग्या, मेणबत्त्यांची झुंबरं आणि वॉल्ट्झ यांचा सपाटा लावला. पडद्यावरच्या नाचाला बंदी नव्हती.

या लाटेचा सगळ्यांत गाजलेला चित्रपट म्हणजे टी. जे. सार्क्काचा 'कुलकुरिन वाल्स्सी' (1941). त्यात नायक-नायिका तौनो पालो आणि अन्सा इकोनेन. रेगिनाची भूमिका दुय्यम. पण त्याच वर्षी सार्क्कानंच 'काइवोपुइस्तोन काउनिस रेगिना' काढला, काइवोपुइस्तोची सुंदर रेगिना. काइवोपुइस्तो हा हेलसिंकीतला समुद्रकाठचा बगिचा. झारच्या काळात तिथे बडे लोक हवापालटाला आणि आरोग्यस्नानाला यायचे. नायिकेचं नाव रेगिना आणि काम करणारीही रेगिनाच. नावासकट भूमिका अंगावर चढवण्याचं भाग्य किती नट्यांना मिळतं?

1943 मध्ये 'कातारीना या मुंक्किनिएमेन क्रेइवी' आला, कातारीना आणि मुंक्किनिएमीचा उमराव. ओस्सी एल्स्टेलानं दिग्दर्शित केलेला. नायक लैफ वागेर, तिच्यापेक्षा सात वर्षांनी लहान, विशीतला देखणा पोरगा. त्यानं गायलेलं जॉर्ज दे गोद्झिन्स्कीचं 'रोमान्स्सी' हे गाणं फिनलंडमध्ये आजही लोकांच्या ओठांवर आहे. यातली रेगिना म्हणजे मवाळ उजेड, मागे बांधलेले केस, खाली झुकलेली नजर. तिला सुंदर दिसायचं होतं, सोसायचं होतं आणि शेवटी वाट पाहायची होती. हे सगळं तिनं नीट केलं. तरी लक्ष देऊन पाहिलं तर दोन-तीन ठिकाणी तिची नजर त्या गोड चौकटीत मावत नाही असं मला जाणवतं. समोरच्याचं बोलणं संपलं तरी ती त्याच्याकडे पाहतच राहते. साध्या प्रेमकथेला लागते त्यापेक्षा किंचित जास्त वेळ.

1945 मध्ये वालाच्या 'लिन्नाइस्तेन विहरेआ कामारी'त, तोपेलिउसच्या भुताटकीच्या कथेत, तिनं काम केलं. स्टुडिओत तिचं बस्तान पक्कं होतं. वयाच्या तिशीत आणखी आठ-दहा वर्षं असेच झगे घालून काढता आली असती.

1946 मध्ये तुलिओचा 'राक्काउदेन रिस्ती' आला, प्रेमाचा क्रूस. तुम्ही पाहिलेला चित्रपटही त्याच वर्षाचा, पण आधी याच्याबद्दल लिहितो, कारण रेगिनाच्या कारकिर्दीची दिशा इथे बदलली. कथेचा उगम पुश्किनच्या स्टेशनमास्तरच्या गोष्टीत आहे. त्या गोष्टीत डाक-चौकीवरच्या गरीब कारकुनाच्या मुलीला एक घोडदळातला अधिकारी पळवून नेतो. पुश्किन गोष्ट सांगतो ती बापाच्या बाजूनं. बाप शोधत जातो, हाकलला जातो, पिऊन पिऊन मरतो. मुलीचं काय झालं ते आपल्याला उडतउडत कळतं, आणि तिचं फारसं वाईट झालेलं नसतं.

तुलिओच्या चित्रपटात चौकीच्या जागी दीपगृह आहे. वादळात जहाज फुटतं, एक शहरी पैसेवाला दीपगृहात आसऱ्याला येतो, आणि एकटीच वाढलेली रीत्ता त्याच्यामागे हेलसिंकीला जाते. इथून पुढे कॅमेरा बापाला सोडतो आणि मुलीबरोबर राहतो. फसवणूक, मग रस्ता, मग शरीरविक्रय. एक चित्रकार तिला क्रूसावरच्या बाईच्या रूपात रंगवायला घेतो. त्या प्रसंगात रेगिना खरोखर क्रूसाला बांधलेली उभी आहे. हात ताणलेले, केस मोकळे, प्रकाश समोरून थेट चेहऱ्यावर. पुरुष समोर उभा राहून चित्र काढतो आहे आणि आपणही त्याच्याच जागेवरून पाहतो आहोत. हे चित्र भडक आहे, यात शंका नाही. पण रेगिनाचा चेहरा पाहा. त्यावर शरम नाही आणि पावित्र्याचा आवही नाही. ती थकली आहे, आणि समोरच्यानं आपल्याकडे पाहावं यात तिला एक हट्टी समाधानही आहे. 'तुम्ही माझं हे केलंत, आता डोळे वळवू नका,' असं काहीतरी. मवाळ उजेडातल्या कातारीनानंतर तीन वर्षांनी ही बाई पडद्यावर आली, यावर विश्वास बसत नाही.

आता 'लेवोतोन वेरी', अस्वस्थ रक्त. तुम्ही तो पाहिला आहे, त्यामुळे कथा थोडक्यात. सिल्वीचा नवरा डॉक्टर. मूल दगावतं, सिल्वी खचते, विष घेते, वाचते पण दृष्टी जाते. नवऱ्याचं मन तिच्या धाकट्या बहिणीकडे ओढलं जातं. सिल्वीची दृष्टी परत येते आणि ती कोणाला सांगत नाही. आंधळीचं सोंग तसंच चालू ठेवून ती दोघांना पाहत राहते.

'ओव्हरॲक्टिंग' म्हणणाऱ्यांसमोर मी हाच भाग ठेवीन. इथे नटीला काय काय करायचं आहे, ते मोजा. नवरा आणि बहीण यांच्यासमोर तिला आंधळी दिसायचं आहे, म्हणजे डोळे एका जागी स्थिर, हात चाचपडणारे, मान किंचित वर. आपल्यासाठी तिला डोळस दिसायचं आहे, कारण तिला दिसतंय हे आपल्याला माहीत आहे. आणि जे दिसतंय त्याचा घाव तिच्या चेहऱ्यावर उमटायला हवा, पण समोरच्या दोघांना कळता कामा नये. एकाच चेहऱ्यावर दोन खेळ, दोन वेगळ्या प्रेक्षकांसाठी, एकाच वेळी. हे कुजबुजत्या, नैसर्गिक अभिनयात कसं करायचं, कोणीतरी मला दाखवावं. रेगिना बुबुळं जागच्या जागी धरून ठेवते आणि बाकी सगळा चेहरा बोलू देते. ओठांची कड थरथरते, नाकपुडी फुलते, गळ्याची शीर ताणली जाते. नजर मात्र हलत नाही. काळा चष्मा लावला की तिचं अर्धं हत्यार जातं, आणि तेव्हा ती हनुवटीवर काम चालवते. तुम्हाला तिचे डोळे विसरता येत नाहीत ते यामुळेच. सबंध चित्रपटभर ती ते हलवायचं टाळत असते.

यात तुलिओच्या कॅमेऱ्याचाही वाटा आहे. तो चेहरा खालून घेतो, मागे आभाळ किंवा अंधार ठेवतो, प्रखर दिवा सरळ डोळ्यांत मारतो आणि चौकट कापायची वेळ झाली तरी कापत नाही. आपल्याच जुन्या चित्रपटातली दृश्यं तो नव्या चित्रपटात सर्रास वापरतो. उसळणारं पाणी, वाऱ्यानं वाकलेली झाडं पुन्हा पुन्हा येतात. इतक्या गजरात मोजूनमापून केलेला अभिनय बुडून गेला असता. रेगिनानं आपला सूर त्या गजराच्या वर नेला. अतिरेक हीच त्या चित्रपटाची भाषा होती आणि ती भाषा तिनं अस्खलित बोलून दाखवली.

आणखी एक कष्टाची गोष्ट सहसा कोणाच्या ध्यानात येत नाही. फिनलंडच्या राजभाषा दोन, फिनिश आणि स्वीडिश. स्वीडनची बाजारपेठ मोठी, म्हणून युद्धाच्या अखेरीपासून तुलिओ आपले चित्रपट दोन्ही भाषांत काढायचा. आपल्याकडे प्रभातनं 1937 मध्ये 'कुंकू' मराठीत आणि 'दुनिया न माने' हिंदीत काढला, तसाच प्रकार. तोच सेट, तेच कपडे, तोच प्रसंग, आधी एका भाषेत आणि लगेच दुसऱ्या. रडण्याचं दृश्य संपवून, डोळे पुसून, पुन्हा तेच रडणं दुसऱ्या भाषेत पहिल्यापासून. एकदा उसळून येणाऱ्या भावनेवर हे जमत नाही. त्याला हुकमी कसब लागतं. तिच्या अभिनयाला 'झपाटलेला' म्हणणाऱ्यांनी हे आठवावं. झपाटलेल्या माणसाला तेच झपाटलेपण पुन्हा मागून मिळत नाही.

त्यानंतर 'इन्तोहिमोन वाल्लास्सा' (1947), 'रिकोल्लिनेन नाइनेन' (1952) आणि 'ओलेत मेन्न्युत मिनुन वेरेएनि' (1956). नावांचे अर्थ अनुक्रमे वासनेच्या अमलाखाली, गुन्हेगार स्त्री, तू माझ्या रक्तात भिनला आहेस. शेवटच्यात ती दारूच्या पूर्ण आहारी गेलेली बाई आहे. चाळिशीतला चेहरा ती कुठेही झाकत नाही. ज्या वयात बहुतेक नायिका दिव्यांना विनवत असतात, त्या वयात ती दिव्यांना आव्हान देते.

आता त्या 'स्फूर्तिदेवते'कडे येतो. तुलिओच्या उत्तरकाळातल्या चित्रपटांच्या पटकथेत रेगिनाचा हात आहे, तिचं नाव पटकथेच्या श्रेयात आहे. ज्या बाईला ती पडद्यावर उभी करत होती ती कागदावरही तीच उभी करत होती. दिग्दर्शकाला स्फुरण देऊन बाजूला बसलेली देवी आणि रात्री बसून प्रसंग लिहिणारी, सकाळी तोच प्रसंग दोन भाषांत करणारी बाई यांत जमीनअस्मानाचा फरक आहे. पहिलीला मानधन देण्याचं कारण नसतं आणि श्रेय तर नसतंच.

आणि ती एकटी नव्हती. ग्लोरी लेप्पानेन या अभिनेत्रीनं 1936 मध्ये 'ओन्नेनपोत्कु' दिग्दर्शित केला. फिनलंडमध्ये चित्रपट दिग्दर्शित करणारी ती पहिली बाई. लेआ योउत्सेनोनं चाळीसच्या दशकात वालाच्या विनोदी चित्रपटांत नायिका म्हणून काम केलं आणि त्यांच्या पटकथांतही हात घातला. अन्सा इकोनेननं 1944 मध्ये एक चित्रपट स्वतः दिग्दर्शित केला. मिर्यामी कुओस्मानेननं 1952 चा 'वाल्कोइनेन पेउरा', पांढरा रेनडिअर, नवरा एरिक ब्लोमबेर्गबरोबर लिहिला आणि त्यात मुख्य भूमिका केली. 1953 मध्ये या चित्रपटाला कान महोत्सवात पारितोषिक मिळालं. म्हणजे फिनलंडच्या त्या पिढीत नटीनं लेखणी किंवा कॅमेरा हाती घेणं ही अपवादाची गोष्ट उरली नव्हती. इतिहास लिहिणाऱ्यांनी प्रत्येकीला सुटी करून कोणा ना कोणा पुरुषाच्या पानावर तळटीपेत टाकलं, हा त्यांचा दोष.

1956 नंतर रेगिना पडद्यावर आली नाही. तुलिओनं त्यानंतर दोनच चित्रपट केले, 1962 आणि 1973 मध्ये, आणि त्यांत ती नाही. 1973 चा 'सेन्सुएला' म्हणजे 'राक्काउदेन रिस्ती'चीच गोष्ट नव्यानं, रंगीत, दुसरी नायिका घेऊन. तो पाहिला की रेगिनाच्या कामाची किंमत कळते. कथा तीच, दिग्दर्शक तोच, तरी मधला आधारखांब काढून घेतलेला. दरम्यान दूरचित्रवाणी आली, स्टुडिओ डबघाईला आले. सार्क्काची कंपनी 1965 मध्ये दिवाळखोर झाली.

तुमच्या तिसऱ्या प्रश्नाचं उत्तरही इथेच आहे. स्टुडिओंचे जुने चित्रपट पुढे फिनलंडच्या दूरचित्रवाणीवर दुपारच्या वेळी पुन्हा पुन्हा लागत राहिले, त्यामुळे अन्सा इकोनेन आणि तौनो पालो नातवंडांनाही ठाऊक झाले. तुलिओ स्वतःच आपला निर्माता होता. चित्रपटांचे हक्क त्याच्या मुठीत होते आणि त्यानं ते सहसा कोणाला दाखवू दिले नाहीत. रेगिनाचं सर्वांत धाडसी काम अशा रीतीनं आधी आगीत गेलं आणि उरलेलं कुलपात राहिलं. तुलिओ 2000 साली वारला. त्यानंतर फिनलंडच्या चित्रपट संग्रहालयानं या चित्रपटांची डागडुजी केली, ते परदेशी महोत्सवांत फिरले, आणि आकी काउरिसमाकीसारखा दिग्दर्शक तुलिओला का मानतो ते बाहेरच्यांना उमगलं. रेगिना 1995 मध्येच गेली होती. आपलं काम परदेशी सभागृहांत पुन्हा पाहिलं जातंय हे तिला कळलं नाही, याची मला खरोखर चुटपुट लागते. कोल्हापूरच्या सभागृहात तिच्यावरून भांडण झालं हे कळलं असतं तर तिला बरं वाटलं असतं, असं मला मनापासून वाटतं.

याच पत्राच्या ताज्या कलमातला प्रश्न : सोसायटीत तिचे आणखी दोन चित्रपट दाखवता आले तर कोणते आणि कोणत्या क्रमानं दाखवावेत?

उत्तर : आधी 'कातारीना या मुंक्किनिएमेन क्रेइवी' आणि लगेच पुढच्या बैठकीत 'राक्काउदेन रिस्ती'. क्रम उलटा करू नका. पहिला चित्रपट काहींना गुळमट वाटेल, वाटू द्या. तो बनला तेव्हा देश युद्धात होता आणि नाचायला बंदी होती, एवढं आधी सांगून टाका. दुसऱ्याच्या आधी पुश्किनची मूळ गोष्ट कोणी वाचून दाखवली तर फार उत्तम, दहा-बारा पानांचीच आहे. बाप आणि मुलगी यांच्यापैकी कॅमेरा कोणामागे जातो ते मग आपोआप दिसेल. 'ओलेत मेन्न्युत मिनुन वेरेएनि' इतक्यात लावू नका. तो तुलिओच्या शैलीला सरावलेल्यांसाठी आहे. सुरुवातीलाच दाखवलात तर पुन्हा तेच हसू ऐकू येईल. चित्रपट मिळवण्यासाठी फिनलंडच्या राष्ट्रीय दृकश्राव्य संग्रहालयाकडे थेट विचारणा करा. 'एलोनेट' ही त्यांची ऑनलाइन चित्रपटसूची आहे, तिच्यात प्रत्येक चित्रपटाचे कलावंत आणि तंत्रज्ञ नोंदलेले आहेत. आणि या वेळी माहितीपत्रक छापाल तेव्हा तिच्या नावापुढे 'अभिनेत्री आणि पटकथाकार' असं छापा.